आटलेले आठ दिवस

नगरपालिकेने अम्ब्रोसियस क्लॉइटेन्सचा पुतळा उभारायचं ठरवलंय. खाली कोरायला चार ओळी माझ्याकडे मागितल्यात, कारण त्याच्याकडे बावीस वर्षं राबलेली मी एकटीच जिवंत आहे. नगराध्यक्ष टोपी काढून म्हणाले, "नेलबाई, तुम्ही त्या महापुरुषाच्या सावलीत वाढलात." सावलीत म्हणे! महापुरुषाला साधी विणकऱ्याची गाठ मारता येत नव्हती. त्याचे तुटलेले धागे सांधण्यात माझी बोटं वाकडी झाली.

जादूगार होता, हे मात्र खरं. खोटं कशाला बोलू? त्याने बनवलेल्या सूत कातायच्या चातीसमोर माणूस बसला की त्याचा रिकामा तास करडा धागा होऊन सुटायचा. बसणाऱ्याला वाटे, आत्ता बसलो नि आत्ता उठलो. तो धागा घालून क्लॉइटेन्स कापड विणायचा, आणि ते पांघरणाऱ्याला, कापड जेवढं लांब तेवढा, वेळ जास्तीचा मिळायचा. आमच्या वेल्डेबेकच्या लोकांनी रविवारच्या दुपारी दिल्या, ब्रुसेल्सच्या बायांनी शाली पांघरल्या. "म्हातारपणी तुमचंही परत करीन," असं तो दाढी कुरवाळत सांगे. त्या दाढीला रोज अंड्याचा बलक चोळायचा, गावात पोरं कोरडी भाकरी चावत असताना.

वीस वर्षं तो रेशमात विणत होता. मग कुणा उमरावाच्या विधवेला वर्षभराची उबदार शाल हवी झाली आणि मागावर लोकर चढली. लोकर पहिल्या धुण्यात आटते, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक. मी मागावरच्या सगळ्यांदेखत म्हणाले, "मास्टर, चौथा हिस्सा जास्त धरा. आटेल हे."

"नेल, वेळ म्हणजे काय तुझ्या बापाची विजार आहे, आटायला?"

सगळे खो खो हसले. मी मान खाली घातली आणि ठरवलं, आता एक अक्षर बोलायचं नाही. धुवू दे त्या बाईला शाल. वर्षाचे नऊ महिने होऊ देत. अख्खं ब्रुसेल्स ह्याच्या दाढीवर थुंकू दे.

त्याच महिन्यात माझी धाकटी बहीण कोलेता अंथरुणाला खिळली. छातीचं दुखणं. डॉक्टर म्हणाले, हा गुरुवार निघणं कठीण. तिचा एकुलता एक लीवेन आइसलँडकडे मासेमारीला गेलेला. पुढच्या बुधवारी बोट लागणार, गुरुवारी सकाळी तो घरी. तिला बाकी काही नको होतं. एकदा लीवेनचं तोंड बघायचं होतं.

मी मास्टरकडे गेले. त्याने तिच्याच रविवारांचा उरलेला धागा काढला आणि विणला. सात दिवस पुरे होते, त्याने आठ विणले. अर्थात लोकरीतच. "सांग तिला, क्लॉइटेन्स शब्दाचा पक्का आहे."

कापड हातात घेताच कोलेताने नाक मुरडलं. "ताई, मेंढरांचा वास येतोय गं ह्याला. अंगावर कसं घेऊ?"

आमच्याकडे कोरं कापड न धुता कुणी अंगाला लावत नाही. मी तोंड उघडलं. धुवू नकोस, दोनच शब्द. पण कोलेताच्या तोंडात तीळ भिजत नसे. तिने 'का' विचारलं असतं, आणि संध्याकाळपर्यंत गावभर झालं असतं. मास्टरने गुपचूप विधवेच्या शालीत चौथा हिस्सा वाढवला असता आणि शहाणपण स्वतःच्या नावावर लावलं असतं. एवढी आजारी बाई, धुतेय कशाला, असं मी मनाशी म्हटलं आणि कामावर गेले.

गुरुवारी सकाळी कापड दोरीवर होतं. शेजारची गोदेलीव्ह कौतुकाने म्हणाली, "चांगलं कढत पाण्यात तुडवलंय हो. आजारी माणसाचं काम!"

मला फुटपट्टी लागली नाही. सहा दिवस उरले होते.

मी धावत सुटले. मास्टर शाल पोचवायला ब्रुसेल्सला गेला होता, दहा दिवसांसाठी. त्याच्या हाताशिवाय ती चाती फिरत नसे. परत येऊन मी ते कापड बहिणीच्या अंगावर घातलं आणि काही बोलले नाही.

बुधवारी पहाटे तिने विचारलं, "ताई, आज गुरुवार ना?"

"हो," मी म्हणाले.

"मग दार उघडं ठेव."

मी दार उघडं ठेवलं. दूधवाला येऊन जाईपर्यंत ती गेली होती.

आणि ती विधवा! बड्या घरच्या बाया शाली धुतच नाहीत, हे मला कुठे ठाऊक होतं? मास्टरचं कुणी काही वाकडं केलं नाही.

लीवेन गुरुवारी आला. कितीतरी वेळ आईच्या पायाशी बसला. मग त्याने ते कापड उचललं, वितीने मोजलं, पुन्हा मोजलं.

"नेलमावशी, त्या भामट्याने कमी विणलं का गं?"

मी त्याच्याकडे नीट बघून म्हणाले, "हो रे बाळा. कमी विणलं."