बत्तीस वेळा मेलेला दानिलो

इकडे परदेशात, ब्रॉसार्डमध्ये, संक्रांत शनिवारी येते. कॅलेंडर काहीही म्हणो, हळदीकुंकू शनिवारीच. एरवी सगळ्यांची ऑफिसं. २००९ च्या त्या शनिवारी सकाळी शुभदाबाईंनी शंभर तिळाचे लाडू वळले. दुपारी सून ऊर्मी हळूच म्हणाली, "आई, आमचं तसं काही नाही हो. पण अरुणाकाकू वगैरे येणार, त्यांना उगाच ऑकवर्ड नको. तुम्ही बेसमेंटमध्ये आराम करा ना. हीटर लावलाय."

हीटर लावलाय, म्हणजे ठरवून झालं होतं. शुभदाबाईंचे यजमान डॉक्टर चारुदत्त जाऊन दोन वर्षं झाली होती, आणि ही दोन्ही वर्षं असंच.

खाली सोबतीला दानिलो. बर्फावर पडून शुभदाबाईंचा खुबा मोडल्यापासून त्यांची देखभाल करणारा साठीचा फिलिपिनो. एकेकाळी मनिलातला सिनेनट. नट म्हणजे काय, खलनायकाच्या टोळीतला चौथा माणूस. आज त्याने आपल्याच सिनेमाची सीडी लावली. वर बांगड्या, हसणं. पडद्यावर तरुण दानिलो गोळी खाऊन छपरावरून कोसळला.

"हा तू?"

"हो मॅम. बत्तीस सिनेमे, बत्तीस मरणं. एकदा मरण्याआधी एक वाक्य मिळालं होतं. ते कापलं."

"वाईट वाटलं?"

"वाक्याचं वाटलं. मरणाचं काय! 'कट' म्हटलं की उठायचं, रंग पुसायचा, हिरोइनशेजारी बसून भात खायचा. तू मेलायस, तिकडे बस, असं कुणी म्हणालं नाही." त्याने छताकडे पाहिलं. "सॉरी मॅम, पण वारले ते डॉक्टर. खाली तुम्ही का?"

शुभदाबाईंकडे उत्तर होतं. सासूने शिकवलेलं. तेच त्यांनी एका वर्षी, संक्रांतीच्या आधी, जवळच्या लव्हाल गावातल्या, नवरा गेलेल्या मृणालिनीला फोनवर गोड आवाजात ऐकवलं होतं. आज ते तोंडातून निघेना.

"हात दे," त्या म्हणाल्या.

तेरा पायऱ्या. दानिलो दारातच थांबला. ऊर्मी करंडा घेऊन वळली.

"आई, काही हवंय का? खाली पाठवते ना!"

"हवंय. हळदीकुंकू."

अरुणाकाकू पर्समध्ये काहीतरी शोधू लागल्या. ऊर्मीच्या हातातला करंडा हलेना. तेव्हा शुभदाबाईंनीच चिमूट घेतली.

"ये, आधी तुला लावते."

ऊर्मी मागे सरकली नाही. पुढेही आली नाही. मधलं पाऊल शुभदाबाईंना टाकता आलं असतं. पण ते ऊर्मीचं होतं. कुंकवाची बोटं तशीच धरून त्या उभ्या राहिल्या.