लोथारचा करडा कोट

मी एक जुना करडा लष्करी कोट आहे, मित्रांनो, आणि खरं सांगतो, मी एकही लढाई पाहिलेली नाही. लंडनजवळच्या क्रॉयडनमधल्या एका शिवणघरात मला टीव्हीसाठी शिवलं. नवा दिसू नये म्हणून काचकागदाने घासलं, चहाच्या पाण्यात बुचकळलं. जन्मतःच म्हातारपण नशिबी आलं म्हणा ना!

मला अंगावर चढवणारा नट म्हणजे लोथार ब्रेंके. जर्मनीत तो एका मालिकेत गावच्या प्रेमळ डॉक्टरचं काम करायचा. बाजारात बायका त्याला आपली दुखणी सांगत. पुढे इंग्लंडमधल्या रीडिंग गावच्या मधुमती नावाच्या मराठी दंतवैद्य मुलीशी लग्न करून तो इकडे आला. इथल्या निर्मात्यांनी त्याचे उच्चार ऐकले आणि मला त्याच्या खांद्यांवर चढवलं. तीस वर्षं तो नाझी अधिकारीच होत राहिला. दारं लाथाडायची, माणसं धरून न्यायची आणि शेवटच्या भागात मरायचं. बापाचं, शेजाऱ्याचं, एखाद्या साध्या माणसाचं काम मिळावं म्हणून त्याने किती उंबरठे झिजवले! उत्तर ठरलेलं, 'तो कोट तुम्हाला फार शोभतो.' मी फुशारून जायचो. मूर्ख होतो मी.

पुढे टीव्हीवाल्यांचा कपडेपट मोडीत निघाला तेव्हा त्यांनी मला लोथारलाच भेट दिलं. त्यानंतर मी माळ्यावर कसरीशी झुंजत पडून होतो.

गेल्या महिन्यात त्याची सात वर्षांची नात अन्वी हिने टॅबवर एक जुना भाग पाहिला. त्यात तो फळीमागे लपलेल्या मुलीला केस धरून ओढतो. अन्वी आजोबांना जर्मन पद्धतीने 'ओपा' म्हणायची. त्या दिवसापासून ती हाक बंद झाली. तो खोलीत आला की ती आजीच्या मागे लपे. त्यातच तिच्या आईची, म्हणजे लोथारची मुलगी इरावती हिची, बदली दूर ग्लासगोला झाली.

निघायच्या सकाळी त्याने मला खाली आणलं. कोट म्हणजे नुसतं कापड, हे तिच्यासमोर घालून दाखवलं की तिची भीती जाईल, असं त्या बिचाऱ्याला वाटलं.

"बघ, अन्वी," तो मोडक्यातोडक्या मराठीत म्हणाला, "हा हात माझा. हा कोट. फक्त कोट."

ती सोफ्याआडून पाहत होती. एक बाही झाली, दुसरी झाली. ती चक्क जरा हसली. शेवटचं बटण लागलं मात्र, आणि तीस वर्षांची सवय उसळून आली. पाठ ताठ झाली, हनुवटी वर गेली, टाचा एकमेकींवर आपटल्या. त्याचं त्यालाही कळलं नाही. अन्वी किंचाळली.

"अगं, ओपाच आहेत ते!" मधुमती धावली. "इट्स ओन्ली अ कॉस्च्युम, राणी!"

"नो! तो बॅड मॅन आहे! माझा ओपा कुठे आहे?"

"आई, प्लीज, फोर्स नको करूस," इरावतीने लेकीला उचललं. "एम-सिक्स मोटरवेवर ट्रॅफिक लागेल. आम्ही निघतो."

"अहो, काढा आधी तो कोट!" मधुमती नवऱ्यावर ओरडली.

संधिवाताच्या बोटांना माझी बटणं सुटेनात. सैल व्हायला मी जिवाचा आटापिटा केला, पण कापडाच्या हातात काय असतं? बाहेर गाडी सुरू झाली. तो मला घालूनच रस्त्यावर धावला. "अन्वी, मी आहे! मी!"

काचेआड तिने मान वळवली. तिला मीच दिसलो. तिने डोळे घट्ट मिटून घेतले.

मित्रांनो, पडद्यावरच्या दुष्टाचा खुशाल राग करा, त्यासाठीच तो राबतो. पण टीव्ही बंद झाला की त्याला त्याच्या माणसांत परत येऊ द्या. मला जाळा, फाडा, पायपुसणं करा, माझी तक्रार नाही. फक्त तुमच्यापैकी कुणी ग्लासगोच्या शाळेत अन्वीशेजारी बसत असेल, तर दोन्ही बाह्या जोडून विनवतो, तिला सांगा, त्या कोटाच्या आत तिचा ओपा रडत होता.