तो म्हणजे नेमका कोण

धाकटी बोलकाम करायची. सुताराचं काम लाकडाचं, गवंड्याचं विटांचं, तसं हिचं वाक्यांचं. वस्तूवर उजवा हात टेकवायचा, पोटातून आवाज काढून नेमकं वाक्य बोलायचं आणि शेवटी टाच आपटायची. टाच म्हणजे पूर्णविराम. तो पडला की कुरकुरणारं दार गप्प झालेलं असायचं. हे शिकायला तिला सात वर्षं लागली होती. त्यातली पहिली दोन नुसतं तोंड बंद ठेवायला शिकण्यात गेली.

ताईच्या झोपायच्या खोलीत भिंतीला ओलावा धरला होता. दोन गवंड्यांनी हात टेकले, तेव्हा कुठे तिने धाकटीला बोलावलं. आधी न बोलावण्याचं कारण म्हणजे भाऊजी, ताईचे यजमान. त्यांचा बोलकामावर काडीचा विश्वास नव्हता. सल्ले मात्र भरपूर होते.

"हात जरा डावीकडे घे. आवाज खणखणीत लाव. आमच्या ऑफिसात एकदा काय झालं..."

धाकटीच्या अगदी नाकी नऊ आले. शेवटी ताईने त्यांना बिस्किटं आणायला पिटाळलं. ते बूट घालतायत तोवर धाकटीने भिंतीला हात लावला.

"या भिंतीतला ओलावा गेला आहे."

भिंत सरसर सुकत गेली, फुगलेला रंग खाली बसला. आता पुढचं वाक्य आणि मग टाच. धाकटीने श्वास घेतला, तेवढ्यात बाहेरचं दार धाडकन लागलं आणि स्वयंपाकघरातून ताईचा सुस्कारा आला, "गेला एकदाचा!"

"तो परत येणार नाही," धाकटी बोलून गेली, आणि ताईचं बोलणं डोक्यात शिरताच तिला असं हसू फुटलं की टाच आपटायची राहिलीच.

पाच मिनिटांनी जिन्यात पावलं वाजली. दारापर्यंत आली, थबकली आणि खाली उतरू लागली. पुन्हा वर आली, पुन्हा उतरली.

"अगं, हे काय चाललंय?" भाऊजी ओरडले. "पाय ऐकेनात माझे!"

दोघी बहिणी कठड्यावरून डोकावल्या. भाऊजी बिस्किटांचा पुडा छातीशी धरून पाठमोरे पायऱ्या चढत होते. शेवटच्या पायरीवर आले आणि घसरगुंडीवरून यावेत तसे खालच्या मजल्यावर पोचले.

धाकटीचा चेहरा उतरला. सर्वनाम म्हणजे मोठं चिकट प्रकरण. शेवटी ज्याच्याविषयी बोलणं झालं असेल त्याला जाऊन ते चिकटतं. वीस वर्षांत तिच्या हातून असं कधी झालं नव्हतं.

"आता?" ताईने विचारलं.

"टाच आपटलेली नाही, म्हणजे वाक्य उघडं आहे. पुढे शेपूट जोडता येईल, पण त्यात आधीचं सगळंच बुडेल. ओलावाही परत येईल. अंधार पडला की मात्र वाक्य आपोआप मिटतं, मग त्याला काही जोडता येत नाही."

"अंधार पडायला किती वेळ आहे?"

"दोन तास."

ताईने कोरड्या भिंतीकडे पाहिलं. मग जिन्याकडे पाहिलं. "चहा टाकते," ती म्हणाली.

चहा पिता पिता ताईने शेजारणीच्या मुलीच्या लग्नाची हकिगत सांगितली. सुरुवातीपासून शेवटपर्यंत, मधे कुणी न तोडता. सांगून झाल्यावर तिचं तिलाच नवल वाटलं. दुसरी हकिगत सुरू करणार, तोच जिन्यातून हाक आली. आवाज दमलेला होता.

"अगं, सहा वाजून गेले. तुझी बीपीची गोळी! वरच्या खणात आहे, चष्म्याच्या डबीमागे. घेतलीस का?"

ताईने कप खाली ठेवला. गोळी घेतली, पाणी प्यायली.

"आण बाई त्यांना वर," ती म्हणाली.

"शेपूट जोडते, 'असं ताईला वाटलं होतं.' पण मनातलं खोटं सांगितलं तर वाक्य धरत नाही. तुला वाटलं होतं का, की भाऊजी आता परत येणार नाहीत?"

ताई बशीकडे बघत राहिली. "दोन मिनिटं वाटलं होतं," ती हळूच म्हणाली. "बरं वाटलं होतं. ते नको घालूस वाक्यात."

धाकटीने भिंतीला हात लावला. "...असं ताईला वाटलं होतं." आणि टाच अशी आपटली की खिडकीची काच थरथरली.

भिंतीवर नकाशासारखे डाग उमटले आणि भाऊजी दारात उभे राहिले. पुड्यातल्या बिस्किटांचा चुरा झाला होता. काय घडलं ते धाकटीने सांगितलं. दीड तास जिन्यात काढल्याचं त्यांना काहीच वाटलं नाही. डोळे वटारले ते भलत्याच गोष्टीवर.

"'तो'? मला 'तो'? कोण म्हणालं?"

"व्याकरणाला आदर कळत नाही, भाऊजी," धाकटी सावरून घ्यायला गेली.

"मी म्हणाले," ताई म्हणाली. "तुम्ही गेलात की म्हणते. कधी कधी."

भाऊजी खुर्चीत बसले. बराच वेळ बुटाची नाडी सोडत राहिले. "आधी म्हणायचीस," ते शेवटी म्हणाले. "लग्न ठरलं तेव्हा. तुझ्या मैत्रिणींना सांगताना. मी ऐकलं होतं."

ताई लाजली. या वयात बहीण लाजताना पाहून धाकटीला कुठे बघावं कळेना. ती भिंतीकडे वळली.

"पुन्हा करते काम. या वेळी प्रत्येक वाक्यात 'ओलावा'."

"हात जरा डावीकडे..." भाऊजींनी सुरुवात केली.

"तू गप्प बस रे," ताई म्हणाली, आणि ते बसले.