मी पिशोरात घटका अडवली

मित्रांनो, आधी हात पुसा, मग मला उचला. मी काही कालची छापील पुस्तिका नाही, हातानं लिहिलेली पोथी आहे. दौलताबादजवळ कागदीपुऱ्यात चिंध्या कुटून माझा कागद झाला, काजळात बाभळीचा डिंक घोटून शाई झाली आणि बोरूनं माझ्यावर नाव पडलं, 'काळशासन'. काळाला हाकायचं कसं, आवरायचं कसं, सगळं माझ्या पोटात आहे. आहे म्हणजे, होतं.

कुणा गोसाव्यानं एका घोंगडीच्या बदल्यात मला पिशोरला सारजाबाईच्या सासऱ्याला दिलं. मेंढरांवर वाढलेलं ते घर. वाचता कुणालाच येत नव्हतं, पण माझा मान केवढा! लाल फडक्यात, देव्हाऱ्यात खंडोबाच्या शेजारी बसायचे मी. दर रविवारी माझ्यावर भंडारा पडायचा. मी फुगून जायचे. उघडलं मात्र कुणी नाही.

निजामावरची पोलीस ॲक्शन होऊन गेली, रझाकारांची धास्ती सरली आणि पुढच्याच उन्हाळ्यात सारजाबाईच्या नातीचं, द्वारकेचं लग्न निघालं. चितेगावहून वऱ्हाड आलं. जोशीबुवांनी मांडवात घंगाळ भरून त्यात घटकेची वाटी सोडली. तुम्ही ती पाहिली नसेल. तांब्याची वाटी, तिच्या बुडाला सुईएवढं भोक. त्यातून पाणी हळूहळू आत येतं. वाटी बुडाली की घटका भरली आणि अक्षता टाकायच्या.

आणि नवरीचा मामाच नव्हता! मल्हारराव मेंढरं घेऊन घाटाखाली गेलेला. निरोप पोचला होता, माणूस दिसत नव्हता. द्वारकेची आई कधीच वारली होती, तिच्या माहेरचा एवढा एकच जीव उरलेला.

"मामा पाठीशी उभा नसंल तर मी पाटावर चढणार नाय," द्वारका म्हणाली आणि भिंतीकडं तोंड करून बसली.

नवरदेवाचे चुलते काकासाहेब मनगटावरचं घड्याळ बघत उठले. "सारजाबाई, मुहूर्त टळला तर वऱ्हाड माघारी जाईल. टळलेल्या मुहूर्तावर आमच्याकडं लगीन लागत नाय."

"घड्याळाकडं काय बघता पाव्हणं? त्याला कुणी हळद वाहिली व्हय? वाटी बुडू द्या, मंग बोला!"

बोलली खरी, पण वाटी अर्धी भरलेली तिनंही पाहिली होती. तरातरा आत आली, मला उचललं आणि मांडवात आणलं. "जोशीबुवा, सोडा हिला. काळ आवरायचं हिच्यात हाय म्हणत्यात ना? काढा!"

गाठ सुटली! मित्रांनो, किती वर्षांनी वारा लागला मला! जोशीबुवा अक्षर लावत वाचू लागले, "काळ छिद्रातून येतो. छिद्र मेणानं लिंपावं. काळ दारात उभा राहील."

सारजाबाईनं करंड्यातलं कुंकवाचं मेण काढलं, वाटी उचलली, बूड पुसलं, भोकावर मेण दाबलं आणि वाटी परत पाण्यात सोडली. वाटी तरंगायला लागली. नुसती तरंगायला!

"ही लबाडी हाय!" काकासाहेब गरजले.

"लबाडी कशाची? पोथी बोलली."

"मंग पुढचं बी वाचा, बुवा. अडवणाऱ्याचं काय होतं, तेही लिहिलं असंल."

जोशीबुवांनी पान उलटलं. "अडवलेल्या काळाचं मोल अडवणाऱ्यानं..." आणि ते थांबले. पुढं वाळवीनं खाल्लेलं भगदाड होतं. देव्हाऱ्यात बसल्या बसल्या मी आतून पोखरली जात होते आणि वरून भंडारा पडत होता.

सारजाबाईनं त्या भगदाडावर बोट ठेवलं. "सरका, मी वाचते. अडवणाऱ्यानं पाव्हण्यांना पुरणपोळीवर धार धरून तूप वाढावं. हात आखडू नये."

काकासाहेबांची मिशी हलली. मग ते असे हसले की घंगाळातलं पाणी हिंदकळलं. "वाळवीनं खाल्लेलं वाचणारी बाई पहिल्यांदाच बघतोय!" त्यांनी घड्याळ काढून खिशात टाकलं. "बसा रे समदे. मामा येऊ द्या."

आणि आला की! आधी धूळ, मग बें-बें, मग खांद्यावरची घोंगडी सावरत धावणारा मल्हारराव. मेंढरं थेट मांडवात! सारजाबाईनं नखानं मेण खरवडलं. पाणी चढलं, वाटी डुबुक करून गेली. "घटका भरली!" जोशीबुवा ओरडले. द्वारका पाटावर चढली, मामा पाठीशी उभा राहिला, अक्षता उडाल्या.

त्या दिवशी काळ मी थांबवला, हे मी आजही ठणकावून सांगते. लाजायचं काय त्यात?

आता मी चिकलठाण्याला द्वारकेच्या नातसुनेच्या कपाटात असते. ती मला झटकते, वारा देते, वाचते. त्या पानाशी आली की थबकते आणि विचारते, इथं खरं काय होतं गं? सारजाबाईचं वाचन झकास होतं, पण ते माझं नव्हतं. माझं काय होतं, ते मलाही आठवत नाही. म्हणून मित्रांनो, घरात जुनी पोथी असेल तर पाया नंतर पडा. आधी गाठ सोडा.