प्रेअरीवरचा पिंपळ

मित्रांनो, मी एक जुनं, पाठीत उसवलेलं पुस्तक आहे. माझ्या पोटात अमेरिकेतल्या प्रेअरीची, म्हणजे अफाट गवताळ माळरानाची गोष्ट आहे. त्यात घोडागाड्या आहेत, बर्फाची वादळं आहेत आणि नदीकाठी एक पिंपळ आहे. मूळ गोष्ट इंग्रजी. मला मराठीत आणलं ते नागपूरच्या एका मास्तरांनी. अमेरिका त्यांनी नकाशातच पाहिलेली!

दिगंबर नावाच्या मुलाने माझी पारायणं केली. तो आजोबा झाला, तरी त्याने मला अंतर दिलं नाही. २००६ साली लेकीकडे अमेरिकेत, बॉथेलला येताना त्याने बॅगेतला स्वेटर काढला आणि मला घातलं. मला कोण अभिमान वाटला!

तिथे आजोबा नातीला, नीलांबरीला, मला वाचून दाखवू लागले. तिने मूळ पुस्तक शाळेत वाचलेलं. पिंपळ आला आणि पोरगी खो खो हसत सुटली.

"आजोबा, नो वे! प्रेअरीवर पिंपळ? तिथे कॉटनवुड असतं. युवर बुक इज राँग!"

आजोबांचा चेहरा खर्रकन उतरला. एवढी वर्षं आपण खोटंच खरं मानलं, असं त्यांना वाटलं असावं. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला रद्दीच्या डब्यात टाकलं. जन्माची मैत्री आणि एका झाडापायी ही गत! मला राग आला, रडूही आलं.

त्यांच्या लेकीने, नेत्राने, मला उचललं. "बाबा, अहो काय हे! सुट्टीत आपण या गोष्टीतल्या नदीकाठीच ड्राइव्ह करून चाललोय ना? झाड बघा, मग काय ते ठरवा."

साउथ डकोटातल्या त्या नदीकाठी गाडी थांबली. वारा म्हणावा तर नव्हताच, तरी कॉटनवुडची पानं सळसळत होती. आजोबा थबकले. त्यांनी खाली पडलेलं एक पान उचललं. लांब देठ, रुंद पान, टोकाची शेपटी तेवढी नाही.

"नीलू, डोळे मीट आणि ऐक. आमच्याकडे पिंपळ असाच बोलतो." त्यांनी ते पान तिच्या हातात दिलं. "मास्तरांनी हा आवाज मराठीत आणला गं. आणि मी त्यांना खोटं ठरवून बसलो!"

नीलांबरीने मला छातीशी धरलं. "सॉरी, बुक," ती म्हणाली आणि तिने ते पान माझ्या पिंपळाच्या पानात ठेवलं.

मित्रांनो, एखादं म्हातारं पुस्तक चुकलंय असं वाटलं, तर त्याला टाकण्याआधी जरा त्याचं ऐकून घ्या. माझी पाठ आता नीलांबरीने चिकटपट्टीने सांधली आहे, वेडीवाकडी का होईना. ती माझ्यावरून मराठी वाचायला शिकते आहे. आजोबा भारतात परतले तेव्हा मी त्यांच्या बॅगेत नव्हतो. या वेळी त्यांनी मला टाकलं नव्हतं, तिच्या उशाशी ठेवलं होतं.