ऊन लागलं म्हणे

वटार गावातल्या त्या घरात ॲन्सेल्मला ठाऊक नसलेली गोष्ट अजून जन्माला यायची होती. केळीवरच्या रोगापासून फादरच्या प्रवचनापर्यंत सगळ्यावर तो अधिकारवाणीनं बोलायचा. धाकट्या भावाची बायको फेलिशिया ते मान खाली घालून ऐकायची आणि मनात त्याची किंमत करायची. ती फारशी भरायची नाही.

त्या रविवारी त्याच्या साठीचं जेवण होतं. अंगणात मांडव, पन्नासेक पाहुणे, आणि त्याच्या मुलीला, स्टेफीला, बघून गेलेल्या मुलाकडची माणसं पहिल्याच रांगेत. फेलिशियाची नऊ वर्षांची सेलिन वड्यांची परात घेऊन निघाली, मध्येच थबकली, तिचे डोळे वर गेले आणि ती कोसळली. हातपाय झटके देऊ लागले.

फेलिशियानं तिला कुशीवर वळवलं, डोक्याखाली ओढणी सारली आणि घड्याळ पाहिलं. पाच मिनिटांच्या वर गेलं तर हॉस्पिटल गाठायचं, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. पण मांडवात पन्नास डॉक्टर उभे राहिले. कुणी चप्पल नाकाशी धरली, कुणी कांदा फोडून आणला, एकानं मुठीत बाइकची चावी कोंबली. लोखंड लागतं म्हणे. तेवढ्यात ॲन्सेल्म चमचा घेऊन आला.

"दादा, नको. तोंडात काही घालायचं नाही."

"जीभ तुटेल पोरीची. तुला काय कळतंय?"

त्यानं चमचा दातांत रेटला. समोरच्या दाताचा टवका उडाला, ओठ रक्ताळला. फेलिशियानं त्याचा हात धरून झिडकारला. तिचा नवरा ॲल्रॉय ताट हातात घेऊन हे सगळं बघत होता. ताट खाली ठेवायचंही त्याला सुचलं नाही.

तीन मिनिटांत झटके थांबले. ॲन्सेल्म पहिल्या रांगेकडे वळून हसला. "ऊन लागलं पोरीला. सकाळपासून खाल्लं नाही काही." अंगणभर मांडवाची सावली होती, तरी माना डोलल्या. ॲल्रॉयचीही डोलली.

आतल्या खोलीत तासाभरानं सेलिनला नीट जाग आली. ॲन्सेल्म दारात येऊन म्हणाला, "कुणी विचारलं तर ऊन लागलं म्हणायचं. स्टेफीचं जमतंय. आपल्या घरात हे आहे, असं बाहेर कळायला नको."

सेलिननं जिभेनं तुटका दात चाचपला. "मम्मी, मागे मी बाथरूममध्ये पडले, तेव्हा पण ऊन लागलं होतं?"

ॲन्सेल्मला सुनावायला फेलिशियाच्या ओठांवर चांगले धारदार शब्द आले होते. ते तिथंच राहिले. बाथरूमच्या वेळी 'पाय घसरला' असं तिनंच सांगितलं होतं. रोजच्या गोळ्यांना ती दोन वर्षं ताकदीच्या गोळ्या म्हणत आली होती. शाळेत तर तिनं चकार शब्द काढला नव्हता. या माणसाला ती इतकी वर्षं तुच्छ लेखत होती, आणि त्याचंच काम त्याच्याहून सफाईनं करत होती.

"तुला एपिलेप्सी आहे," ती म्हणाली. "आकडी म्हणतात तिला. मेंदूत मधूनच गोंधळ उडतो, मग अंग झटके देतं आणि तुला काही आठवत नाही. गोळ्या त्याच्याच आहेत. मी खोटं बोलले."

"मी काही केलं म्हणून झालं?"

"नाही. कुणीच काही केलेलं नाही."

"आणि दात?"

"तो मोठ्या पप्पांनी तोडला."

ॲन्सेल्म खाकरला आणि पाहुण्यांकडे बघायला हवं असं पुटपुटत निघून गेला.

निघताना मुलाच्या आईनं सेलिनला जवळ घेऊन विचारलं, "बरं वाटतंय का, बाळा? ऊन फार आहे हल्ली."

"ऊन नाही, मला एपिलेप्सी आहे," सेलिन म्हणाली. "परत झालं तर मला कुशीवर वळवा. चमचा घालू नका."

बाई ॲन्सेल्मकडे बघत राहिल्या. तो केळीच्या घडाकडे बघत होता.

स्टेफीचं तिथं जमलं नाही. मुलाला कॅनडाला जायचं होतं, तो इतक्यात कुणाशीच लग्न करणार नव्हता. ॲन्सेल्म अजून सगळ्यांना सांगतो, की फेलिशियानं पोरीला बोलायला लावलं म्हणून मोडलं. ॲल्रॉय मान डोलावतो.

सोमवारी फेलिशिया अर्धी रजा टाकून माणिकपूरच्या शाळेत गेली आणि सेलिनच्या टीचरना सगळं समजावून सांगितलं. टीचरनी एकच विचारलं, "हे आधी का नाही सांगितलंत?"