चैतरामच्या मुठीतला खडा

किरनापूरच्या पलीकडे, नाल्याच्या काठानं जंगलात शिरलं की कोंबडबाजार लागतो. चोरून भरतो म्हणे. चोरून कसला, अख्ख्या पंचक्रोशीला ठाऊक असतो. तिथं चैतरामचा कोंबडा हरत नव्हता, आणि त्याचं खरं कारण एकट्या चैतरामला माहीत होतं.

कारण त्याच्या कंबरेच्या चंचीत होतं. विहीर खोदताना सुरुंगानं फुटलेल्या खडकातून निघालेला एक खडा, पाण्यासारखा नितळ, आतून निळसर. मुठीत घट्ट दाबला की वेळ मागं सरकायची. फार नाही, एक बिडी ओढून होईल एवढीच. दाबणाऱ्याला सगळं आठवायचं, बाकीच्यांना काहीच नाही. आणि दर वेळी खडा खडीसाखरेसारखा झिजायचा. दुसऱ्या कुणाला सापडता तर त्यानं जग पालथं घातलं असतं. या बहाद्दरानं कोंबडे झुंजवले. आपला कोंबडा पडला की खडा दाबायचा, मागं यायचं, आणि या खेपेला कोंबडा जरा आधी सोडायचा. ज्याची पहिली उडी, त्याच्या पायाला बांधलेली काती, म्हणजे धारदार पातं, आधी लागते. हे एवढंच शहाणपण चैतरामच्या हाडात मुरलं होतं.

त्या दुपारी दुलीचंदचा तांबडा कोंबडा मेला. त्याला दुलीचंदनं स्वतःच्या घासातला घास घालून वाढवलं होतं. चैतरामच्या कोंबड्याच्या कातीनं त्याचं पोट उभं फाडलं, आतडी धुळीत लोळली, तरी तो उठून चोच मारायला बघत होता. मग मान टाकली. दुलीचंद त्याच्याजवळ उकिडवा बसला आणि पायाची काती सोडू लागला.

बाजाराची रीत अशी की हरलेला कोंबडा जिंकणाऱ्याचा. चैतरामचा धाकटा भाऊ हेमराज पुढं झाला. आई-बाप गेल्यावर चैतरामनंच त्याला वाढवलेलं, लाडानं पार शेफारलेला पोरगा. त्यानं मेलेला तांबडा पायांना धरून उचलला आणि दात काढत म्हणाला, "दुलीभाऊ, काती भी दे दो ना. अब किसके पाँव में बांधोगे?"

दुलीचंदनं काती दिली. बेंबीच्या खाली खुपसली आणि वर ओढली. हेमराजनं दोन्ही हातांनी पोट धरलं, बोटांमधून सगळं बाहेर आलं, आणि तो कोंबड्याशेजारीच कोसळला.

चैतरामनं खडा दाबला.

तांबडा नुकताच मेला होता, दुलीचंद काती सोडत होता. चैतरामनं हेमराजचं मनगट पकडलं आणि त्याला ओढत गाडीकडं नेलं. पण तोंडाला लगाम असेल तर तो हेमराज कसला? जाता जाता मागं वळून तो तेच बोललाच. दुलीचंद धावत आला, मागून हेमराजचे केस धरले आणि गळा चिरला. रक्ताची चिळकांडी चैतरामच्या तोंडावर उडाली. गरम होतं.

पुन्हा खडा दाबला. या खेपेला चैतरामनं तांबडा स्वतःच उचलला आणि दुलीचंदपुढं धरला. "दुलीभाऊ, तुहा कोंबडा तुलेच ठेव. पाया पडतो, माफ कर."

हरलेला कोंबडा परत करायचा म्हणजे त्या बाजारात माणसाच्या तोंडावर थुंकणंच. हे चैतरामला माहीत नव्हतं थोडंच? पण जिवाच्या भीतीनं अक्कल गहाण पडली होती. "मले भीक देतं काय बे?" दुलीचंदनं त्याच्या छातीत लाथ घातली. भावाला पडलेलं पाहून हेमराज धावून गेला, आणि काती त्याच्या बरगड्यांत मुठीपर्यंत रुतली.

चैतरामनं चंचीत हात घातला. खडा आता हरभऱ्याच्या डाळीएवढा उरला होता. फार तर अजून दोनदा. त्याला दुसरं काही सुचलंच नाही, सुचलं ते कोंबड्यांचंच. पहिली उडी आपली. त्यानं मूठ आवळली.

दुलीचंद उकिडवा बसला होता. अजून काही बोललं गेलं नव्हतं, काही झालं नव्हतं. चैतरामनं आपल्या कोंबड्याच्या पायाची काती उपसली आणि पाठीमागून दुलीचंदच्या मानेत घातली. बाहेर काढली, पुन्हा घातली. दुलीचंद वळला, त्यानं रिकामे हात वर केले, तर हातांवर वार केले, गालावर केले. बोटं तुटून धुळीत पडली. माणसं ओरडत मागं पळाली. चैतरामचा हात थांबला तेव्हा दुलीचंदचा चेहरा ओळखू येत नव्हता.

हेमराज उभा होता. धडधाकट, अंगावर ओरखडाही नाही. चैतरामला इतका आनंद झाला की तो रडायलाच लागला.

हेमराजनं दुलीचंदचं डोकं मांडीवर घेतलं. गळ्यातला दुपट्टा मानेवर दाबला, पण रक्त काही थांबेना. शेवटी त्यानं हात काढून घेतला. मग मान वर करून त्यानं विचारलं, "काहून मारलं दादा? काय केलतं त्यानं? रडून राह्यलता तो."

चैतरामनं मूठ उघडली. तळहातावर मोहरीएवढा खडा चमकत होता, एका दाबापुरता. दाबला की दुलीचंद उठून बसेल, बोटं जागच्या जागी येतील. आणि हेमराज पुन्हा पुढं होईल, पुन्हा दात काढील.

त्यानं खडा दगडावर ठेवला आणि दुसऱ्या दगडानं चेचून त्याचं पीठ केलं.

"हौ," तो म्हणाला. "मीच मारलं."

हेमराज उठला आणि त्याच्या तोंडावर थुंकला. मग तोच रक्तानं भिजलेला दुपट्टा घेऊन त्यानं भावाचे हात बांधायला घेतले. गाठ इतकी करकचून ओढली की मनगटं काळीनिळी पडली. चैतराम हात पुढं धरून उभा राहिला. भावाची बोटं चांगली गरम लागत होती.